लोणारचं विवर आणि पाचशे तेरा बिंदू

(स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित पाठ)



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला भरते, त्यांनी आयुष्यभर भूगोल शिकवला. फळ्यावर कमी आणि शाळेच्या अंगणात जास्त. उत्तरेला चिखलाचा सातपुडा, दक्षिणेला चिखलाचाच अजिंठ्याचा डोंगर आणि मधल्या खोलगट पट्ट्यात पूर्णा. आपल्या बुलढाणा जिल्ह्यात ‘घाटावर’ आणि ‘घाटाखाली’ हे शब्द रोज तोंडात असतात, पण त्यांचा अर्थ कित्येक मुलांना कळला तो त्या चिखलात हात घालून. त्यांच्या नावाने बोलायचं तर विषयही जमीन घडवण्याचाच असावा, असं मला वाटलं. साधन मात्र वेगळं आहे. आज मी एका जुन्या, फुकट मिळणाऱ्या संगणक-प्रणालीविषयी बोलणार आहे. डोंगर, पाणी, आकाश आणि ऊन यांची खऱ्यासारखी दिसणारी चित्रं ती तयार करते. तिच्यातून आपलं लोणारचं विवर कसं उभं करता येतं आणि ते उभं करताना काय कळतं, एवढंच मला सांगायचं आहे.

प्रणालीचं नाव टेराजेन. मॅट फेअरक्लफ या इंग्लंडमधल्या प्रोग्रामरने ती लिहिली आणि नव्वदच्या दशकाच्या अखेरीस लोकांच्या हाती दिली. पुढे प्लॅनेटसाइड सॉफ्टवेअर या त्याच्या कंपनीने तिच्या नव्या, मोठ्या आवृत्त्या काढल्या, आणि जुनीला ‘टेराजेन क्लासिक’ म्हणू लागले. व्यक्तिगत, बिगर-व्यावसायिक वापरासाठी ही जुनी आवृत्ती विनामूल्य होती, पण दोन मर्यादा घालून: जमीन जास्तीत जास्त ५१३ गुणिले ५१३ बिंदूंची आणि चित्र जास्तीत जास्त १२८० गुणिले ९६० ठिपक्यांचं. आजच्या मोबाइलचा फोटो याच्या कितीतरी पट मोठा असतो. तरीही या दोन मर्यादांच्या आत जगभरच्या हौशी माणसांनी वर्षानुवर्षं जी चित्रं केली, त्यांतली काही पाहताना हा फोटो नाही यावर डोळा विश्वास ठेवत नाही.

हा ५१३ आकडा कुठून आला? त्यासाठी थोडं मागे जावं लागेल.

१९८० साली लॉरेन कारपेंटर नावाचा प्रोग्रामर बोइंग या विमान कंपनीत काम करत होता. विमानाच्या चित्रांमागे त्याला डोंगर दाखवायचे होते आणि एकेक कडा हाताने रेखाटणं अशक्य होतं. त्याने बेन्वा मँडेलब्रॉटचं लेखन वाचलं होतं. मँडेलब्रॉटचं म्हणणं असं, की निसर्गातला खडबडीतपणा प्रत्येक मापात पुन्हा पुन्हा येतो. डोंगराची कड दुरून जशी दातेरी, तशीच तिच्यावरच्या एका दगडाची कड जवळून दातेरी. कारपेंटरने हे गणितात आणलं. त्या रीतीचं एक सोपं रूप असं: एक चौकोन घ्या, चार कोपऱ्यांना उंची द्या. मधल्या बिंदूला चौघांची आणि बाजूंच्या मध्यांना शेजारच्या बिंदूंची सरासरी द्या आणि त्यात थोडी यदृच्छ वाढ किंवा घट करा. आता लहान चौकोन झाले; त्यांच्याबाबतीत तेच करा, पण वाढघट निम्म्याने कमी ठेवा. असं करत गेलं की बाजूवरचे बिंदू २, ३, ५, ९, १७ असे वाढतात आणि नवव्या फेरीला ५१३ होतात. एवढ्यात डोंगर तयार! कारपेंटरने यातून ‘व्हॉल लिब्र’ ही दोनेक मिनिटांची फिल्म केली आणि त्याच वर्षी संगणक-चित्रकारांच्या मोठ्या परिषदेत दाखवली. तिच्या जोरावर तो लुकासफिल्ममध्ये गेला. १९८२ च्या दुसऱ्या ‘स्टार ट्रेक’ चित्रपटात एक निर्जीव ग्रह बघता बघता डोंगरदऱ्यांनी भरून जातो, ते डोंगर याच रीतीचे. पुढे केन पर्लिनने ढग, लाकूड, संगमरवर यांच्या पोतासाठी ‘नॉइज’ ही यदृच्छ आकड्यांची प्रसिद्ध रीत शोधली. केन मसग्रेव्ह मँडेलब्रॉटचाच सहकारी. त्याने या गणिती डोंगरांवर गणिती पाऊस पाडून त्यांची झीजही करून पाहिली. १९९४ साली ‘ब्राइस’ ही प्रणाली आली आणि मोठ्या प्रयोगशाळेतली ही विद्या घरच्या संगणकावर उतरली. टेराजेन या घराण्यातलं धाकटं, पण फार गुणी लेकरू.

टेराजेन सुरू करून ‘जमीन तयार कर’ म्हटलं की क्षणात डोंगररांग उभी राहते. खडबडीतपणा वाढवायला, हिमनदीने घासल्यासारखा गुळगुळीतपणा आणायला, घळी कापायला त्यात वेगवेगळे स्लायडर आहेत. पण ते कसेही सरकवा, समोर येतो तो टोकदार सुळक्यांचा आल्प्स. अजिंठ्याचा डोंगर येत नाही. आपला डोंगर माथ्याला सपाट आणि अंगाला पायऱ्यापायऱ्यांचा. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थर एकावर एक पसरले, थिजले, आणि मग पाण्याने ते कडेकडेने कापून काढले. राजूर घाटातून खाली उतरताना रस्त्याच्या कडेला हे थर कुणालाही दिसतील. यदृच्छेच्या गणिताला थरांची माहिती नसते, नद्यांचीही नसते. त्याच्या दऱ्या दिसायला दऱ्या, पण त्यांतलं पाणी कुठल्याच नदीला जाऊन मिळत नाही.

म्हणून आपल्याला हवी ती दुसरी वाट: जमीन कल्पनेने न काढता मोजलेल्या उंच्या टेराजेनला द्यायच्या. तीही सोय त्यात आहे. त्याच्या फाइलची रचना उघडपणे लिहून ठेवलेली असल्यामुळे जीडीएएल या मुक्त नकाशा-साधनात खऱ्या उंच्यांचं कोष्टक टेराजेनच्या फाइलमध्ये बदलता येतं.

या मोजलेल्या उंच्या आल्या कुठून, ही गोष्ट विदर्भातल्या माणसाने तरी विसरू नये. भारताचं महात्रिकोणमितीय सर्वेक्षण सुरू करणारा विल्यम लॅम्टन दक्षिणेपासून मोजत मोजत वर आला आणि नागपूरच्या वाटेवर २० जानेवारी १८२३ रोजी आपल्या हिंगणघाटला वारला. त्याची कबर तिथेच आहे. अर्धा टन वजनाचं कोनमापक यंत्र माणसांनी वाहून न्यायचं, टेकडीवर किंवा देवळाच्या शिखरावर चढवायचं आणि एकेक कोन वाचायचा, असं ते काम. त्याच १८२३ साली अलेक्झांडर नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने लोणारच्या विवराची नोंद केली आणि युरोपियन अभ्यासकांचं लक्ष तिकडे गेलं. आपल्याला ते त्याच्या कितीतरी आधीपासून माहीत होतं. काठावरची, गावातली आणि तळाकडची देवळं यादवकाळापासून उभी आहेत, लोणासुराची कथा त्याहून जुनी.

त्यानंतर पावणेदोनशे वर्षांनी, फेब्रुवारी २००० मध्ये, एंडेव्हर हे अंतराळयान अकरा दिवस पृथ्वीभोवती फिरलं. त्याला साठ मीटर लांबीचा दांडा जोडून त्याच्या टोकावर दुसरा रडार-अँटेना बसवला होता. एकाच जागेची दोन ठिकाणांहून घेतलेली नोंद पडताळून उंची काढायची, हे तत्त्व. पृथ्वीवरच्या सुमारे ऐंशी टक्के जमिनीची उंची या एका मोहिमेत मोजून झाली. आपल्या वाट्याला आधी दर ९० मीटरला एक बिंदू अशी जाड माहिती आली. ३० मीटरची २०१४ नंतर खुली झाली. दरम्यान इस्रोने ५ मे २००५ रोजी कार्टोसॅट-१ सोडला. त्याचे दोन कॅमेरे, एक पुढे कललेला, एक मागे. दोन डोळ्यांनी जशी खोली कळते तशी त्यांतून उंची कळते. हैदराबादच्या राष्ट्रीय सुदूर संवेदन केंद्राने त्यातून देशभराची उंचीची माहिती तयार केली, आणि ३० मीटरची ती माहिती ‘भुवन’वरून विनामूल्य उतरवून घेता येते. लॅम्टनच्या काळी सरकारी कपाटात राहणारे आकडे आज लोणारच्या शाळेतल्या मुलाला मिळतात. माझ्या मते ही आपल्या काळातली फार मोठी गोष्ट आहे आणि तिचा पुरेसा गाजावाजा झालेला नाही.

आता ५१३ बिंदू आणि ३० मीटर यांचा मेळ बघा. टेराजेन क्लासिकमध्ये दोन बिंदूंमधलं अंतर मुळातच ३० मीटर धरलेलं आहे. म्हणजे त्याच्या फुकट आवृत्तीत सव्वापंधरा किलोमीटरहून थोडी मोठी चौरस जमीन मावते. विवर मधोमध ठेवलं तर आजूबाजूचा मुलूख सहज येतो. विवराचा व्यास सुमारे १८३० मीटर. ९० मीटरच्या माहितीत त्याच्या वाट्याला आडवे जेमतेम वीस बिंदू येतात, आणि ते ठेचलेल्या वर्तुळासारखं दिसतं. ३० मीटरच्या माहितीत साठ-एकसष्ट बिंदू येतात आणि काठाची गोलाई डोळ्यांत भरते.

फाइल उघडली की पहिल्यांदा निराशा होते. कॅमेरा विवरापासून दोन किलोमीटरवर, माणसाच्या उंचीवर ठेवला तर समोर विवर नसतंच. जमीन किंचित फुगल्यासारखी वाटते, बस. खरं लोणार असंच आहे. काठ भोवतालच्या जमिनीपेक्षा सुमारे तीसच मीटर उंच, आणि आघाताने बाहेर फेकलेल्या दगडमातीचा थर हलक्या उताराने हजार-दीड हजार मीटर पसरलेला. अगदी काठावर पाय टेकेपर्यंत आत काय आहे याचा पत्ता लागत नाही. कॅमेरा काठावर नेला की एकदम सगळं उघडतं. पण तरीही वाटतं, फोटोत पाहिलं त्यापेक्षा हे उथळ आहे. काठापासून तळापर्यंतची खोली दीडशे मीटरच्या आतबाहेर, व्यास अठराशे. प्रमाण साधारण बारास एक. फूटभर रुंदीच्या परातीला इंचभर काठ असावा, तसं.

इथे मोह होतो. उंची दुप्पट करणारा एक आकडा असतो. तो बदलला की विवर भयंकर खोल, चित्र रोमांचक. पर्यटनाच्या फलकांवर, दूरदर्शनच्या कार्यक्रमांत असं सर्रास करतात. माझं मत स्पष्ट आहे: करू नये. करायचंच असेल तर चित्राच्या खाली तसं लिहावं. दीडशे मीटर ही काही लहान खोली नव्हे. तळाच्या देवळापर्यंत उतरून परत चढलेल्या माणसाला विचारा.

मग ऊन. लोणार जवळजवळ विसाव्या अक्षांशावर आहे. मे महिन्याच्या उत्तरार्धात भर दुपारी सूर्य थेट डोक्यावर येतो. प्रणालीत तसा सूर्य ठेवला तर सावल्याच नाहीशा होतात आणि विवर पुसलं जातं. सूर्य सकाळी आठच्या जागी आणा, पूर्वेचा काठ आपली सावली आतल्या उतारावर टाकतो आणि ओढ्यांनी कापलेल्या घळी एकेक करून दिसू लागतात. रंग कुठे कुठला द्यायचा हे टेराजेन उंची आणि उतार यांवरून ठरवतं: सपाटीला काळी माती, मध्यम उताराला सुकलेलं गवत, खड्या उताराला उघडा बेसाल्ट. हे नियम आपण द्यायचे असतात. ते देण्यासाठी आपल्या शेतातली माती कुठे खोल आणि कुठे मुरमाड, हे आधी पाहावं लागतं. नुसतं पडद्यापुढे बसून भागत नाही.

पाण्याची गंमत तर मुलांसमोरच करावी. टेराजेन क्लासिकला पाण्याची एकच पातळी माहीत आहे. ती ठरवली की तिच्याखालची चौकटीतली सगळी जमीन पाण्यात जाते. लोणारपुरतं चित्र सोडून सगळा जिल्हा घेतला, तर दोन बिंदूंमधलं अंतर सुमारे तीनशे मीटर होतं आणि विवर सहाच बिंदूंचं उरतं. या चित्रात पाण्याची पातळी लोणारच्या सरोवराएवढी, म्हणजे पावणेपाचशे मीटरच्या आसपास ठेवली आणि चित्र उमटलं, तेव्हा वर्गात समोर बसलेली एक मुलगी ओरडली, “सर, आमचं मलकापूर गेलं की!” मलकापूर गेलं, नांदुरा गेलं, शेगाव गेलं, खामगावही गेलं. उत्तरेला सातपुड्याचा किनारा, दक्षिणेला अजिंठ्याचा किनारा आणि मधे समुद्र. घाटावरच्या एका खड्ड्याच्या तळाशी साचलेलं पाणी घाटाखालच्या घरांच्या छपरांपेक्षा उंच आहे, हे त्या वर्गाला त्या क्षणी कळलं. ते नकाशावरच्या रंगांनी आधी कळलं नव्हतं.

या प्रणालीत काय नाही, तेही सांगितलं पाहिजे. टेराजेन क्लासिकमध्ये झाड नाही, घर नाही, देऊळ नाही. फक्त जमीन, पाणी आणि आकाश. लोणारच्या विवरात तर जंगल आहे, कमळजा मातेचं देऊळ आहे, धारेचं पाणी आहे. काठाला गाव लागून आहे. २०२० साली जूनमध्ये पाणी गुलाबी झालं, मीठप्रिय सूक्ष्मजीवांमुळे असं पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेच्या तपासणीतून पुढे आलं. त्याच साली सरोवराला रामसर क्षेत्राचा दर्जा मिळाला, तो तिथल्या जीवसृष्टीसाठी. ते सगळं आपल्या चित्रातून गळतं. शिवाय रडार झाडांच्या शेंड्यांनाही थोडंफार जमीन समजतं आणि तळ्याला सपाट पत्रा. सरोवराच्या तळाशी लाखो वर्षांत साचलेल्या गाळाचा जाड थर आहे आणि आघाताने झालेला मूळ खड्डा त्याच्याही खाली आहे, हे उंचीच्या माहितीत येतच नाही.

आणि इथून मी माझ्या मुख्य मुद्द्याकडे येतो. दिसणं म्हणजे असणं नव्हे, हे लोणारइतकं दुसऱ्या कुठल्या जागेने क्वचितच शिकवलं असेल. लाव्हाच्या खडकातलं गोल विवर! पाहणाऱ्याने त्याला ज्वालामुखीचं तोंड म्हटलं नसतं तर नवल. दीर्घकाळ बहुतेकांनी तसंच म्हटलं. आकार बघून वाद मिटण्यासारखा नव्हता. तो मिटला तो १९७३ मध्ये, ‘सायन्स’मध्ये आलेल्या फ्रेडरिकसन, दुबे, मिल्टन आणि बालसुंदरम यांच्या निबंधाने. विवरात खोल छिद्रं पाडून काढलेल्या नमुन्यांत त्यांना मॅस्केलिनाइट सापडलं. खडकातल्या फेल्डस्पार खनिजाला प्रचंड दाबाचा धक्का बसला की ते न वितळता काचेसारखं होतं. ज्वालामुखीत तेवढा दाब निर्माण होत नाही. म्हणजे आकाशातून आलेला दगडच. वयाचंही तेच झालं: पन्नास हजार वर्षं हा आकडा बराच काळ चालला, २०११ मध्ये अरगॉन पद्धतीने सुमारे ५ लाख ७० हजार वर्षं निघालं. टेराजेनमधलं विवर कितीही हुबेहूब असो, ते उल्केचं की ज्वालामुखीचं हे ते सांगू शकत नाही. कारपेंटरचा डोंगर डोंगरासारखा दिसतो, पण डोंगरासारखा घडलेला नसतो.

म्हणून असं चित्र वाईट, असं मी म्हणत नाही. उलट, हा भेद हातांनी अनुभवायला याच्याइतकं सोपं साधन नाही. एकाच पडद्यावर डावीकडे यदृच्छेचा डोंगर, उजवीकडे मोजलेला अजिंठा, आणि मुलांना विचारायचं: यातलं पाणी कुठे वाहत जाईल? उजवीकडच्या डोंगरावर बोट फिरवत मूल पैनगंगेपर्यंत पोचतं. डावीकडे बोट एखाद्या आंधळ्या खड्ड्यात अडकतं. आज तर एक वाक्य सांगितलं की यंत्र क्षणात ‘लोणारचं’ चित्र काढून देतं. त्यातला एकही बिंदू कुणी मोजलेला नसतो, आणि त्यात कमळजेचं देऊळ भलत्याच काठावर असू शकतं. अशा काळात प्रत्येक बिंदूचा हिशेब देणारं चित्र करायला शिकणं ही चैन राहिलेली नाही.

कुणी म्हणेल, मग जुनंच साधन कशाला? नव्या प्रणाली कितीतरी ताकदवान आहेत. खरं आहे. ब्लेंडर २००२ पासून मुक्त आहे, त्यात झाडं-देवळं सगळं होतं. क्यूजीआयएसमध्ये नकाशाचं सगळं काम होतं. ज्याला पुढे जायचं आहे त्याने तिकडे जावंच. टेराजेन क्लासिकचा कोड बंद आहे. उद्या नव्या विंडोजवर ते चाललं नाही तर दुरुस्त करण्याचा अधिकार कुणाला नाही, ही त्यातली खरी उणीव. पण आपल्या शाळांत जे संगणक आहेत ते बघा. दहा-पंधरा वर्षांपूर्वी आलेले, ग्राफिक कार्ड नसलेले, झाकून ठेवलेले. त्यांच्यावर ब्लेंडरची आजची आवृत्ती रखडते. टेराजेन क्लासिक त्यांच्याहून जुन्या यंत्रांसाठी लिहिलेलं आहे. ते इंटरनेट मागत नाही, दर महिन्याचे पैसे मागत नाही, आणि त्याचे कप्पे थोडे असल्यामुळे नववीतलं मूल एका दुपारी शिकतं. पाचशे तेराची मर्यादाही मला उपकारक वाटते. सगळं मावत नाही म्हटल्यावर काय घ्यायचं, काय सोडायचं, याचा विचार करावाच लागतो.

तेव्हा या व्यासपीठावरून शिक्षक मंडळींना माझी विनंती आहे. आपल्या जिल्ह्यात तेरा तालुके आहेत. प्रत्येक तालुक्यातल्या एका तरी शाळेने आपल्या गावाभोवतीची पंधरा किलोमीटरची जमीन अशी उभी करावी. झाकलेला संगणक उघडा. प्रणालीचा परवाना नीट वाचा, तिची मूळ प्रत आणि परवान्याचा मजकूर दोन ठिकाणी जपून ठेवा. उंच्या ‘भुवन’वरून घ्या. चित्र झालं की मुलांना घेऊन खऱ्या टेकडीवर जा आणि ताडून पाहा. आणि प्रत्येक चित्राखाली तीन गोष्टी न चुकता लिहा: उंच्या कुठून घेतल्या, त्या वाढवल्या की नाही, आणि चित्रातलं काय मोजलेलं आहे व काय आपण मनाने घातलेलं आहे.